सतरा नंबरची खुर्ची

संग्रहालयात दोरीपलीकडे ठेवलेली कुठलीही वस्तू उलटी करून पाहिली, तर तिच्या अंगावर कुठेतरी एक बारीक आकडा सापडतो. मूर्ती असेल तर बुडाशी, पेटी असेल तर झाकणाच्या आत, खुर्ची असेल तर पाठीच्या आडव्या पट्टीच्या मागच्या बाजूला. प्रेक्षकाला तो दिसू नये आणि आम्हाला मात्र सापडावा, अशा बेताने घातलेला असतो. त्या आकड्यावरून रजिस्टरचे पान काढायचे आणि त्या पानावरून ती वस्तू कोणाची, कुठून आली, केव्हा आली हे सांगायचे. आकडा पुसला गेला की वस्तू मुकी होते. मग तिच्यावर कोणीही बसलेले असो, ती नुसते लाकूड.

नोकरीची जवळजवळ सगळी वर्षे मी हे आकडे घातले. बारीक कुंचला, पांढरा ऑइलपेंट, हात टेकायला लाकडी पट्टी. माझा आकडा नीटस यायचा. ७ ची शेपटी मी जरा लांब ओढायचो, ती माझी खूणच झाली होती. यातला एक आकडा मी चुकीचा घातला, हे पुढे मला कळले, आणि कळूनही मी गप्प राहिलो. या अंकाच्या संपादकांनी माझ्याकडे दिल्लीतल्या गमतीजमती मागितल्या आहेत. त्या येतीलच ओघात. पण लिहायला बसलो आहे तो त्या आकड्यासाठी.

मी मेहकरचा. कारकुनाची परीक्षा पास होऊन दिल्लीला गेलो, तो एका भल्यामोठ्या दगडी सरकारी इमारतीत. इंग्रजांनी बांधलेली. लांबलचक व्हरांडे, उंच छत, आणि मधोमध एक गोल सभागृह. इमारतीचे नाव लिहीत नाही. आज तिथे काम करणाऱ्यांचा यात काही दोष नाही. त्या सभागृहाशेजारच्या दालनात, देश स्वतंत्र झाला त्या काळात, एक मोठे साहेब बसत. शाळेच्या पुस्तकात ज्यांच्यावर धडा असतो अशांपैकी. त्यांचेही नाव गाळतो, नाहीतर इमारत ओळखू यायची. आपण त्यांना मोठे साहेब म्हणू.

मी रुजू झालो त्या दिवशी व्हरांड्यात एक शिपाई फायलींच्या गठ्ठ्याशी भांडत होता. "कोन बांधलं बे हे? गाठ हाय का घोरपड हाय!" दिल्लीत येऊन मला आठ दिवस झाले होते आणि आठ दिवसांत आपली भाषा कानावर पडली नव्हती. मी थांबलोच.

"भाऊ, तुम्ही वऱ्हाडातले का?"

त्याने मान वर केली. "साखरखेर्डा. तुमी?"

"मेहकर."

"मंग तं घरचेच निघाले तुमी," म्हणाला आणि गठ्ठा माझ्या हातात दिला. "धरा इकून."

हे शेषराव. माझ्याहून सहा-सात वर्षांनी मोठे. चारचौघांत मला 'बाबूसाहेब' म्हणायचे, एकटे असलो की 'भास्करराव'. इतक्या वर्षांच्या ओळखीत एकेरीवर आम्ही कोणीच आलो नाही. मी त्यांना शेषरावभाऊ म्हणतो. दालनाची झाडलोट, फर्निचर पुसणे, बैठकीच्या वेळी खुर्च्या लावणे ही त्यांची कामे. शेजारच्या खोलीत बसून मी डेडस्टॉक रजिस्टर सांभाळायचो. कचेरीतल्या टेबल, खुर्ची, कपाट, पंखा अशा टिकाऊ वस्तूंची जी वही असते, तिला डेडस्टॉक रजिस्टर म्हणतात. वर्षातून एकदा साहेब येऊन वहीतली वस्तू जागेवर आहे का ते बघतात. ही पडताळणी.

आमच्या रजिस्टरात सभागृहासाठी खास बनवलेल्या चोवीस खुर्च्या होत्या, एक ते चोवीस नंबरच्या. शिसवी, उंच पाठीच्या, पायांच्या टोकाला भोवऱ्यासारखा गोल आकार कोरलेला. त्या वर्षी पडताळणीला आले ते साहेब नवे आणि कडक. म्हणाले, प्रत्येक आकडा डोळ्यांनी पाहणार. आम्ही आदल्या दुपारी खुर्च्या गोळा केल्या. चोवीस भरल्या, पण आकडे नऊंवरच दिसत होते. बाकीच्यांवर वर्षानुवर्षे पॉलिशचे थर चढून खालचे सगळे काळे झाले होते.

आणि मला दुसऱ्या दिवशी दुपारची गाडी धरायची होती. दिवाळी होती, माझ्या मुलीची पहिली दिवाळी. पडताळणी झाल्याशिवाय रजा नाही, असे बजावले होते.

शेषरावभाऊ टर्पेंटाइनची बाटली आणि चिंध्या घेऊन आले. "भास्करराव, घासून तं पाहा. खाली असन आकडा."

"पंधरा खुर्च्या घासायच्या म्हणजे रात्र होईल. रंग आणा."

"अहो, पण कोनाचा नंबर कोनाले जाईन..."

"चोवीस खुर्च्या, चोवीस आकडे. कोणाचा कोणाला गेला तर काय खुर्च्या भांडणार आहेत?"

त्यांनी बाटली खाली ठेवली आणि रंगाचा डबा आणून धरला. मी एका मागून एक आकडे घालत गेलो. रजिस्टरात सतरा नंबरसमोर शेऱ्याच्या रकान्यात कोणा जुन्या कारकुनाने 'मोठ्या साहेबांचे दालन' असे लिहून ठेवले होते. म्हणून सतरा मी त्यातल्या देखण्या, धड खुर्चीवर घातला. एक खुर्ची जरा ठेंगणी होती, पायांचे भोवरे उडालेले. तिला उरलेल्यांतला बावीस दिला. दुसऱ्या दिवशी साहेबांनी चोवीस आकडे मोजले, शेरा दिला 'समाधानकारक', आणि मी गाडी धरली.

आमच्या कामात या प्रकाराला 'मिळतं करणे' म्हणत. वही आणि वस्तू जुळत नसतील तर वस्तूला वहीसारखी करायची. सगळ्या कचेऱ्यांत चालते. तेव्हा मला त्यात काही वावगे वाटले नाही, हे प्रामाणिकपणे सांगतो.

पुढे काही वर्षांनी ठरले की कचेरी दुसरीकडे हलवायची आणि या इमारतीचे राष्ट्रीय संग्रहालय करायचे. ती वर्षे गमतीची होती. कालपर्यंत ज्या खोलीत आम्ही डबे खाल्ले तिथे 'दालन क्रमांक तीन' अशी पाटी लागली. माझ्या टेबलावरचा पितळी पेपरवेट एके दिवशी नाहीसा झाला आणि पंधरा दिवसांनी काचेत दिसला, 'वसाहतकालीन लेखनसाहित्य'. शेषरावभाऊ बघायला आले आणि म्हणाले, "आता तुमीबी सरका आत, भास्करराव. एक पाटी लावून देतो." आम्हा दोघांना संग्रहालयातच सामावून घेतले, मला नोंदणी विभागात आणि त्यांना दालनरक्षक म्हणून.

प्रेक्षकही नाना परींचे. निवृत्त झालेले एक हेडक्लार्क दर महिन्याला तिकीट काढून यायचे, आपली जुनी खिडकी होती त्या कोपऱ्यात उभे राहायचे आणि दर वेळी विचारायचे, "माझी खुंटी कोणी काढली?" टोपी टांगायची खुंटी होती त्यांची. शेवटी मी भांडारातून एक खुंटी शोधून त्या भिंतीवर ठोकून दिली. नोंद न करता. त्यानंतर ते एकदाच आले, टोपी टांगली, तासभर खाली बसले, टोपी घेतली आणि गेले. आणखी एक गृहस्थ होते, लग्न ठरले की मुलाला घेऊन येत. पाच मुले होती त्यांना. प्रत्येकाला मोठ्या साहेबांच्या टेबलासमोर उभे करून म्हणत, "बघ, टेबलावर कागद किती कमी आहेत. संसार असा ठेवावा." टेबल रिकामे होते कारण त्यावरचे कागद अभिलेखागारात गेले होते. पण हे त्यांना कोण सांगणार.

तर ते टेबल लावले गेले आणि त्यामागे खुर्ची हवी होती. उपसंचालकांनी रजिस्टर मागवले. मी नेले. शेऱ्याच्या रकान्यातले ते तीन शब्द वाचून त्यांचा चेहरा उजळला. जुन्या कारकुनाच्या हातची नोंद, त्या काळच्या शाईत! याहून पक्का पुरावा संग्रहालयाला मिळत नाही. सतरा नंबरची खुर्ची शोधा म्हणाले. शोधायची कशाला, माझी लांब शेपटीची ७ दुरूनच दिसत होती.

खुर्ची टेबलामागे ठेवत असताना शेषरावभाऊ पुढे झाले. हिंदीत म्हणाले, साहेब, ही ती खुर्ची नव्हे. मोठे साहेब ठेंगणे होते. पाय जमिनीला टेकत नव्हते म्हणून त्यांनी सुताराकडून खुर्चीचे पाय दोन बोटे कापून घेतले होते. माझ्या आधी झाडलोट करणाऱ्या जुन्या फरासाने मला हे सांगितले, त्याच्या डोळ्यांसमोर कापले होते. ती खुर्ची म्हणजे ती, भोवरे उडालेली.

"कागद आहे का?" उपसंचालकांनी विचारले.

"कागद नाही साहेब."

मग उपसंचालक माझ्याकडे वळले. "रजिस्टर काय म्हणते?"

हा तो क्षण. मी एवढेच म्हणायचे होते की साहेब, हा आकडा मी एका दुपारी घाईने घातला आहे, थोडे टर्पेंटाइन लावून खालचे पाहा. फार तर दोन शब्द ऐकावे लागले असते. पण माझ्या बढतीचे कागद त्याच उपसंचालकांच्या टेबलावर होते. शेषरावभाऊ माझ्याकडे बघत होते. मी रजिस्टरकडे बघून म्हणालो, "रजिस्टरप्रमाणे हीच सतरा नंबर."

खोटे काही बोललो नाही, अशी मी पुढची कितीतरी वर्षे मनाची समजूत घातली. रजिस्टरप्रमाणे तीच होती.

ठेंगणी खुर्ची मोडीत निघणाऱ्या सामानात गेली. दुसऱ्या दिवशी बघतो तर शेषरावभाऊंनी ती उचलून दालनाच्या दारापाशी आणली होती. रक्षकाला बसायला एक खुर्ची मिळत असे. त्यांनी अर्ज देऊन हीच मागून घेतली. मोडक्या मालातली खुर्ची कोणी मागितली तर भांडारवाले खूशच होतात.

आणि त्या खुर्चीवर ते कधी बसले नाहीत. सकाळी दहा ते संध्याकाळी पाच तिच्या शेजारी उभे राहायचे. निरीक्षक कौतुक करायचे, रक्षक असावा तर असा, खुर्ची असून बसत नाही. मला कारण ठाऊक होते. मी त्या दालनातून जाणे टाळू लागलो, नोंदणी विभागाला मागचा जिना होता तो वापरू लागलो.

दोरीपलीकडच्या सतरा नंबरला लोक हात जोडायचे. एकदा नऊवारी नेसलेली एक म्हातारी आली. दोरीखालून वाकून तिने खुर्चीच्या पायाला बोटे लावली आणि ती बोटे नातवाच्या कपाळाला. शेषरावभाऊंना ते बघवले नाही. तिला आपल्या भाषेत म्हणाले, "माय, ते नाई. पाया पडाचं असन तं हिच्या पड," आणि शेजारची ठेंगणी खुर्ची दाखवली. मागे एक शाळेची सहल उभी होती. त्यातल्या मास्तरांना मराठी कळत होती. त्यांनी लेखी तक्रार केली की रक्षक चुकीचा इतिहास सांगतो.

मेमो निघाला. मेमोचा मसुदा माझ्याच टेबलावर तयार झाला. 'कर्तव्यावर असताना प्रेक्षकांची दिशाभूल'. उत्तर तीन दिवसांत. शेषरावभाऊ तो कागद घेऊन माझ्याकडेच आले. सहीपुरते लिहिता येत होते त्यांना.

"काय लिवा लागते याच्यात?"

मी म्हणालो, माफी मागितली की प्रकरण मिटेल. निवृत्तीला थोडी वर्षे राहिली आहेत, उगाच वाढवू नका.

"मंग तुमीच लिवा. तुमचं अक्षर चांगलं हाय."

हे ते कुठल्या अर्थाने म्हणाले हे मी त्यांना त्या वेळी विचारले नाही. मी लिहिले. 'वयोमानाने माझा गैरसमज झाला. सदर खुर्चीविषयी मी सांगितलेली माहिती निराधार होती. पुन्हा असे होणार नाही.' वाचून दाखवले. त्यांनी ऐकले, सही केली, कागदाची घडी घालून मला परत दिली आणि दालनात जाऊन उभे राहिले. माझी चूक, माझे अक्षर आणि त्यांची सही. तो कागद त्यांच्या सेवापुस्तकात लागला.

त्यानंतर आम्ही कामापुरते बोलायचो. ते निवृत्त होऊन साखरखेर्ड्याला गेले. मागोमाग काही वर्षांनी मी मेहकरला आलो. इथून साखरखेर्ड्याला एसटी आहे. वीस वर्षांत मी त्या एसटीत बसलो नाही. तिकडचे लग्न असले की माझे गुडघे दुखायचे. माझी बायको सुमन एकदा म्हणाली, "तुमचे गुडघे पंचांग पाहून दुखतात." तिला काही सांगितले नव्हते, पण तिला काय कळायचे ते कळले होते.

गेल्या उन्हाळ्यात माझी नात मुक्ता मैत्रिणींबरोबर दिल्लीला गेली. तिथून तिने फोटो पाठवला. 'आजोबा, तुमचं म्युझियम!' ती दोरीशी उभी, मागे टेबल आणि खुर्ची. फोटो असा की बोटांनी कितीही मोठा करावा. मागच्या भिंतीवर आता आरसा लावला आहे आणि त्या आरशात खुर्चीची मागची बाजू दिसते. मी मोठा करत गेलो. आडव्या पट्टीवर माझी ७ होती, आरशात उलटी, शेपटी लांब ओढलेली. मी फोन उपडा ठेवला. पुन्हा उचलला. जेवलो नाही त्या दिवशी.

दोन दिवसांनी बाजारात गेलो तर साखरखेर्ड्याहून भाजी घेऊन येणाऱ्या एक बाई आहेत, त्यांना सहज विचारल्यासारखे विचारले, तुमच्याकडे दिल्लीला नोकरीला होते ते शेषराव कसे आहेत.

"खुर्चीवाले बाबा का? हायेत. पायानं लय बेजार हायेत पन. उठनं होत नाई. पोट्टे चिडवते त्याईले, बाबा सांगा ना खुर्ची कोनती खरी होती. आंधी सांगत जाय, आता नाई सांगत."

घरी आलो. सुमनला समोर बसवले आणि सगळे सांगितले, त्या दुपारच्या टर्पेंटाइनपासून. ती शेवटी म्हणाली, "मुलीच्या पहिल्या दिवाळीसाठी आलात तेव्हा तुमच्या नखांत पांढरा रंग होता. मी विचारलं तर म्हणालात, कचेरीत रंगकाम चाललंय." मग उठून गेली आणि कोरे कागद घेऊन आली.

मी संग्रहालयाला पत्र लिहिले. लिहायला चार दिवस लागले. टपालात टाकण्याआधी ते खिशात घालून साखरखेर्ड्याच्या एसटीत बसलो.

शेषरावभाऊ ओसरीवर बाजेवर बसले होते. दोन्ही पाय घोट्यापासून गुडघ्यापर्यंत पट्ट्यांनी गुंडाळलेले. वर्षानुवर्षे उभे राहिल्याने पायांच्या शिरा फुगल्या, पुढे जखमा झाल्या, हे त्यांच्या सूनबाईंनी नंतर सांगितले. मला बघून त्यांनी डोळे बारीक केले.

"कोन? भास्करराव?"

"हो."

"काऊन जी, मेयकरून साखरखेर्डा म्हंजे एसटीनं किती टाइम लागते? वीस वर्सं?"

मी बाजेशेजारी खाली बसलो. सूनबाई लगबगीने खुर्ची घेऊन आल्या. शेषरावभाऊ म्हणाले, "खुर्ची नोको देऊ त्याईले. खुर्चीपासूनच बिघडलं सारं." आणि स्वतःच हसले.

मी माफी मागायला सुरुवात केली. त्यांनी हात वर केला.

"माफी मांगू नका. माफी मी मांगून बसलो, तुमच्या अक्षरात. तिचं काय करता ते सांगा."

मी खिशातले पत्र काढून वाचून दाखवले. पूर्ण. ते डोळे मिटून ऐकत होते.

"हे तं खुर्चीचं झालं," ते म्हणाले. "खुर्चीचं लिवलं तुमी चांगलं. माह्या कागदाचं कुठी हाय याच्यात? म्या लिवून देल्लं ना, का मी खोटं बोललो मनून. ते तसंच राह्यते का?"

खरे होते. चार पानांत मी खुर्ची, आकडा, रजिस्टर, स्वतःचा अपराध, सगळे घातले होते आणि तो माफीनामा गाळला होता. मुद्दाम गाळला असे नाही. पण मनाला अवघड जागा चुकवून जायची सवय लागलेली असते.

तिथेच, त्यांच्या बाजेवर कागद ठेवून, पाचवे पान लिहिले. माफीनामा मी रचला, त्यातला मजकूर खोटा आहे, शेषरावांनी सांगितले तेच खरे होते, आणि हे पत्र त्या माफीनाम्याला जोडावे. लिहिताना एक जुना प्रश्न विचारून घेतला. "रंगाचा डबा तुम्ही धरला होता. तुम्ही उपसंचालकांना का नाही सांगितलं?"

"सांगून काय फायदा? रजिस्टर तुमचं, अक्षर तुमचं, बोट तुमचं. मी काय, झाडूवाला. आन् दुसरं सांगू? मले वाटे तुमी सांगसान. आज नाई तं उद्या. तुमी घरचे ना." पुढे म्हणाले, "मंग वाट पाहाचीबी सवय होऊन जाते मानसाले."

पत्र मी परत येताना साखरखेर्ड्याच्याच पोस्टात टाकले. मेहकरला नेले असते तर कदाचित पुन्हा खिशात राहिले असते.

दीड महिना काही नाही. मग फोन आला. संग्रहालयात नोंदणीचे काम आता एक तरुण संग्रहपाल बाई बघतात. मी तो आकडा घातला तेव्हा त्या जन्मल्याही नसतील. मी घाबरत घाबरत बोलू लागलो तर त्यांनीच थांबवले. म्हणाल्या, ठेंगणी खुर्ची अजून आहे, दाराशी रक्षक तिच्यावरच बसतो. आम्ही ती आत नेऊन तपासली. चारही पाय करवतीने कापलेले, कापल्या जागी पॉलिश नंतरचे. आणि बावीसच्या खाली, खास दिव्याच्या उजेडात, जुना आकडा दिसतो. १७.

मी फोन कानाला लावून तसाच उभा राहिलो. सुमन आतून म्हणत होती, "काय म्हणतात? बरं आहे ना सगळं?" इतकी वर्षे तो आकडा तिथेच होता. दहा मिनिटे चिंधी घासायची होती.

सरकारी वहीत चूक दुरुस्त करायची एक पद्धत आहे. खोडरबर नाही, कागद फाडायचा नाही. चुकीच्या नोंदीवर लाल शाईची एकच रेघ मारायची, अशी की खालचे वाचता आले पाहिजे. शेजारी खरे लिहायचे आणि चूक करणारा हयात असेल तर त्याची सही घ्यायची. बाईंनी तीन कागद पाठवले. रजिस्टरच्या सतरा आणि बावीसच्या नोंदींची प्रत, त्या माफीनाम्याची प्रत, आणि खुर्चीच्या नव्या पाटीचा मजकूर. चिठ्ठीत लिहिले होते, दोघांच्या सह्या घेऊन परत पाठवा, मूळ पानांना जोडतो.

या वेळी सुमनही बरोबर आली. मी आधी रजिस्टरच्या पानावर सही केली. मग माफीनाम्यावर लाल रेघ मारली. आता पहिल्यासारखे जमत नाही, रेघ नागमोडी गेली. शेषरावभाऊ बघत होते. "आंधी कशी सरळ मारत होते तुमी," म्हणाले, आणि पेन हातात घेऊन सावकाश, एकेक अक्षर काढत, रेघेखाली सही केली. मग सूनबाईंना म्हणाले, "पाटी वाच."

सूनबाईंनी वाचली. खुर्चीविषयी चार ओळी. शेवटची ओळ त्यांनी अशी वाचली: 'ही खुर्ची दालनरक्षक शेषराव यांनी ओळखली आणि जपली.'

"आडनाव नाई लिवलं?"

"आडनावासकट आहे," मी म्हणालो. "वाचताना राहिलं असेल, इथे बघा." होते. त्यांनी बोटाने ते शोधून काढले आणि बोट तिथेच ठेवले. सुमनने पदर डोळ्यांना लावला. मला रडू आले नाही. फार दिवस ताप असून एका सकाळी तो उतरलेला असावा तसे हलके वाटत होते. भूकही लागली होती. सूनबाईंनी पिठलं-भाकरी वाढली आणि मी तीन भाकऱ्या खाल्ल्या. सुमनने माझ्या गुडघ्यांची गोष्ट त्यांना सांगितलीच होती. शेषरावभाऊ म्हणाले, "पाहा, गुडघे बरे झाले याईचे."

या गणपतीनंतर संग्रहपाल बाईंनी माझ्या फोनवर एक फोटो पाठवला. तो घेऊन मी पुन्हा गेलो. आता मी दर पंधरा दिवसांनी जातो, कंडक्टर ओळखू लागला आहे. फोटोत टेबल आहे, टेबलामागे ठेंगणी खुर्ची आहे, दोरी आहे, पाटी आहे. शेषरावभाऊंनी फोन डोळ्यांजवळ धरला, लांब धरला, पुन्हा जवळ धरला.

"आन् ते दुसरी? तुमची देखनी?"

मी फोटो बाजूला सरकवून दाखवला. कोपऱ्यात दालनाचे दार दिसत होते. दारापाशी माझी जुनी, देखणी खुर्ची ठेवली होती, आणि तिच्यावर एक रक्षक पाय पसरून, पाठ टेकून आरामात बसला होता.

शेषरावभाऊ बराच वेळ त्या रक्षकाकडेच बघत राहिले.

"बसला," ते म्हणाले. "बसू द्या बाप्पा त्याले."